महामाया इंगळे आणि आवर्ती-संकोचन-अस्थैर्य

लोणारच्या महामाया इंगळे यांच्या आयुष्यात कायमस्वरूपी म्हणावी अशी एकच गोष्ट आहे, ती म्हणजे काळजी. बाकी सगळं तासिका तत्त्वावर. ज्युनिअर कॉलेजातली फिजिक्सची नोकरी तासिका तत्त्वावर, नळाचं पाणी तासिका तत्त्वावर, विजेचं तर बोलायलाच नको. काळजीला मात्र उन्हाळी सुट्टी नाही आणि सेवानिवृत्तीही नाही. या एका पदावर महामायेची नेमणूक मुलगी पायल जन्मली त्याच दिवशी झाली आणि तिनं आजवर एकही रजा टाकलेली नाही.

महामायेचं माहेर रोहिणखेडचं. शाळा मराठी, त्यामुळे बुलडाण्याला बी.एस्सी.ला गेली तेव्हा पहिले काही महिने सर इंग्रजीत काय म्हणतायत हे तिला सरांच्या चेहऱ्यावरून ओळखावं लागे. पण पोरगी जिद्दीची. समजत नाही म्हटल्यावर तिनं सगळं पाठ केलं. एम.एस्सी.च्या शेवटच्या वर्षी तर अख्खा एक पेपर पाठ केला. मिठाचं पाणी, पारा, वितळलेला धातू, तापून लाल झालेला वायू, अशा वीज वाहून नेणाऱ्या प्रवाही गोष्टी चुंबकाच्या तावडीत सापडल्या की कशा वागतात, हा त्या पेपराचा विषय. पेपरात तिला प्रथम श्रेणी मिळाली. विषय समजायला पुढं बारा-चौदा वर्षं लागली, पण विद्यापीठानं तशी काही अट घातलेली नव्हती.

समजला तो नवऱ्याच्या कृपेनं. रवीचं लोणारला मंडप आणि लाउडस्पीकरचं दुकान. एका जयंतीच्या मिरवणुकीत भोंगा फुटला, त्यातलं जाडजूड गोल चुंबक रवीनं घरी आणून टाकलं. महामायेनं त्याच्यावर स्टीलची वाटी ठेवली, वाटीत मिठाचं पाणी ओतलं, जुन्या सेलमधली कोळशाची कांडी मधोमध बुडवली, बॅटरीची एक वायर वाटीला लावली, दुसरी कांडीला. पाणी गोल फिरायला लागलं. कोणी ढवळत नव्हतं, कोणी फुंकर घालत नव्हतं. वायरी उलट्या लावल्या तर पाणी उलटं फिरलं. महामाया तोंडाला पदर लावून बघत राहिली.

"काय झालं?" रवीनं विचारलं.

"मी याच्यात फर्स्ट क्लास हाये," ती म्हणाली.

त्याच दिवशी तिनं ठरवलं की आपल्या पोरीच्या वाट्याला हे पाठांतर येऊ द्यायचं नाही. त्यामुळे विद्यापीठानं बी.एस्सी. मराठीतून करता येईल असं जाहीर केलं, तेव्हा मेहकरच्या कॉलेजात मराठी माध्यमाला पहिला प्रवेश पायलचा झाला. पायलला कोणी विचारलं नाही, असं मात्र कोणी म्हणू नये. विचारलं होतं. ती नको म्हणाली होती. मग प्रवेश घेतला.

दोन वर्षं बरी गेली. तिसऱ्या वर्षाच्या तोंडावर विद्यापीठाच्या लक्षात आलं की शिकवायचं मराठीतून ठरलंय, पण पुस्तक नाही. अशा वेळी शहाणी माणसं पुस्तक लिहायला घेतात. विद्यापीठानं समिती नेमली. इतर सगळी प्रकरणं कोणी ना कोणी उचलली. वाहत्या पाण्याच्या आणि चुंबकाच्या प्रकरणाला मात्र कोणी हात लावेना, म्हणून कोणाला तरी महामाया इंगळे आठवली. ती तासिका तत्त्वावर असल्यामुळे नाही म्हणणार नाही, हेही आठवलं असणार.

महामाया नाही म्हणालीच नाही. पायल हेच पुस्तक वाचणार, याच प्रकरणावर तिची तोंडी परीक्षा होणार. पुस्तक समजलं तर पोरीचं वर्ष तरलं, नाही तर आपल्या हट्टापायी बुडालं. महिनाभर घरात भाजीला मीठ कमी-जास्त होत राहिलं आणि महामाया शब्द शोधत राहिली. शब्द कसे, तर ऐकल्याबरोबर डोळ्यांपुढं काहीतरी उभं राहील असे.

तापलेल्या वायूच्या लांब धारेतून जोरात वीज गेली की त्या विजेचंच चुंबकत्व धारेला विळखा घालून आवळतं. धार कुठं जराशी बारीक झाली की तिथं विळखा आणखी घट्ट होतो, धार आणखी बारीक होते, आणि मग एकसारखी धार न राहता फुगवटा-चिमटा, फुगवटा-चिमटा अशी माळ होते. इंग्रजांना ही माळ बघून सॉसेज आठवलं, म्हणजे आतड्यात खिमा भरून मधे मधे पीळ देऊन केलेली त्यांची ती लडी. त्यांनी बेधडक तेच नाव दिलं. महामायेला होळीला लेकरांच्या गळ्यात घालतात ती साखरेची गाठी आठवली. तिनं लिहिलं, ‘गाठीची अस्थिरता’. धार पीळ खाऊन वेडीवाकडी होते, त्याला ‘पिळाची अस्थिरता’. चुंबकाच्या रेषा प्रवाहाला चिकटून त्याच्याबरोबर जातात, त्याला ‘सोबत वाहणाऱ्या रेषांचा नियम’. आणि कागद घेऊन ती समितीच्या बैठकीसाठी बुलडाण्याच्या बसमध्ये बसली.

समितीचे अध्यक्ष डॉ. शेषराव जुमडे. जन्म साखरखेर्ड्याचा. पुढची चाळीस वर्षं त्यांनी साखरखेर्डा जिभेवरून घासून काढण्यात घालवली होती आणि आता ते बोलायला लागले की समोरच्याला वाटे, आपण सातबाऱ्याचा उतारा ऐकतोय. दुसऱ्या सदस्य अनुपमा मॅडम, भाषातज्ज्ञ, मोठ्या शहरातून गाडीनं आलेल्या. त्यांचं मराठी इतकं स्वच्छ की ऐकताना चपला बाहेर काढाव्याशा वाटत. फिजिक्स त्यांचा विषय नव्हता, त्यामुळे त्यांच्या मतांना फिजिक्सचा अडथळा होत नसे.

समितीत शब्दाला मंजुरी द्यायची पद्धत मुलगी दाखवायच्या कार्यक्रमासारखी. शब्द पुढं येऊन बसायचा. मग त्याचं कूळ विचारलं जायचं. संस्कृतातला आहे का? थेट आलाय की वाटेत कुठं राहून आलाय? याच्यापासून पुढं चार शब्द होतील का? दिसायला कसा आहे, घरात काय काम करतो, हे विचारायची पद्धत नव्हती.

"गाठी," अनुपमा मॅडमनी शब्द चिमटीत उचलल्यासारखा उच्चारला. "फारच घरगुती वाटतो, नाही?"

"घरातच खातो मॅडम," महामाया म्हणाली.

"शास्त्राला एक भारदस्तपणा हवा."

"इंग्रजांनी त खिम्याचं नाव ठेवलं."

खिमा म्हटल्यावर मॅडमनी चहाचा कप जरा लांब सरकवला. शेषराव खाकरले. "इंगळे मॅडम, आपल्या भावना समजल्या. तथापि विद्यार्थ्यांसमोर आपण कोणता आदर्श ठेवतो, याचा विचार होणे अगत्याचे आहे."

महामायेला ज्या विद्यार्थिनीचा विचार होणं अगत्याचं वाटत होतं, ती त्या वेळी मेहकरच्या स्टँडवर पाणीपुरी खात होती. पण तिच्यासाठी महामायेनं पिशवीतून चुंबक बाहेर काढलं. वाटी काढली, मीठ काढलं, रवीच्या दुकानातली बॅटरी काढली. अनुपमा मॅडमनी विचारलं, स्वयंपाक आहे का. महामाया म्हणाली, "तुम्ही फक्त पाहा, आणि जे दिसते ते तुमच्या तोंडानं सांगा. तोच शब्द आपण घेऊ."

तिनं पाण्यावर चिमूटभर मिरपूड टाकली आणि वायर टेकवली. मिरपूड हलली. मग सरकली. मग वाटीभर पाणी कांडीभोवती भिरभिरायला लागलं. बुडबुडे आले, ब्लीचिंग पावडरीसारखा वास सुटला. मॅडमनी नाकाला रुमाल लावला, पण मान पुढंच होती. डॉ. शेषराव खुर्चीतून अर्धे उठले, चष्मा कपाळावर गेला, आणि चाळीस वर्षांची घासाघीस एका क्षणात पाण्यात गेली.

"अबे! हे त घुमून राह्यलं!"

मॅडमनी रुमालाआडून त्यांच्याकडे असं पाहिलं, जसं काही टेबलाखालून कोंबडं आरवलं. शेषरावांनी चष्मा खाली घेतला, कोट सारखा केला, बसले. आणि त्यांनी इतिवृत्तात जातीनं लिहून घेतलं: ‘सदर द्रव स्वयमेव परिभ्रमण करीत असल्याचे समितीच्या निदर्शनास आले.’

मग समितीनं गाठीच्या जागी एकमतानं ‘आवर्ती-संकोचन-अस्थैर्य’ मंजूर केलं. पिळाला ‘व्यावर्तनजन्य-वक्रता-अस्थैर्य’ मिळालं. सोबत वाहणाऱ्या रेषांचं ‘सहवाही-अभिवाह-प्रमेय’ झालं. चुंबकाच्या रेषांवरून धावणाऱ्या लाटांना एका स्वीडिश शास्त्रज्ञाचं आडनाव आहे, ते तेवढं तसंच राहिलं. त्याचं संस्कृत करायला मॅडम तयार होत्या, पण जेवणाचे डबे आले.

पुस्तक निघालं. मुखपृष्ठावर डॉ. शेषराव जुमडे. आत ऋणनिर्देशाच्या शेवटच्या ओळीत ‘आणि इतर’. त्या इतरांत महामाया होती. रवीनं ती ओळ गिऱ्हाइकांना दाखवली. "हे पाय, माह्या बायकोचं नाव."

"कुठं हाय?"

"हे काय, इतर."

पायलनं प्रकरण उघडलं आणि दोन पानं पुढं-मागं केली. मग म्हणाली, "आई, हे मराठी हाये ना?"

"हाव. काऊन?"

"नाई, इंग्लिश पुस्तक जरा सोपं वाटून राह्यलं."

आता खरं तर महामायेनं पोरीला जवळ बसवून, महिनाभर तिच्या कानावर पडलेले आपले शब्द उलगडून सांगायला हवे होते. सांगितलेही असते. पण त्याच आठवड्यात मेहकरहून बातमी आली की तोंडी परीक्षेला बाहेरून परीक्षक येणार आहेत, आणि ते खुद्द डॉ. शेषराव जुमडे आहेत. ज्या बाईचे शब्द समितीनं झाडून टाकले, तिची पोरगी तेच शब्द परीक्षेत बोलली तर? सर म्हणतील, आईनं घरी वेगळी समिती उघडली. आणि एक नापास शेरा म्हणजे अख्खं वर्ष.

दुसऱ्या दिवसापासून समितीच्या शब्दांना महामायेइतका कडवा पाठीराखा जिल्ह्यात उरला नाही. भाकरी थापता थापता ती विचारी, "सांग, धार आवळली जाते त्याले काय म्हणतात?"

"गाठी."

"पायल!"

"आवर्ती-संकोचन-अस्थैर्य."

"व्याख्या."

पायल व्याख्या म्हणे. एक शब्द चुकला की पहिल्यापासून.

"आई, बुलडाण्याले वाटी-चुंबक घेऊन कोण भांडाले गेलतं? तूच ना? तूच म्हणे, या शब्दायनं पोट्ट्यायचा जीव जाईन."

"तो लढा होता," महामायेनं भाकरी तव्यावर आपटली. "हे मार्क हायेत. पुन्हा म्हण."

रवी मधे पडायचा प्रयत्न करी. "अवं, तिले समजलं का पण?"

"समजून काय करते? सर विचारतील ते म्हणता आलं पाह्यजे."

आपण हे वाक्य कुठंतरी जगलो आहोत, असं महामायेला क्षणभर वाटलं. पण भाकरी करपत होती.

परीक्षेच्या दिवशी महामायेनं बिनपगारी रजा टाकली आणि पायलच्या मागोमाग मेहकर गाठलं. पायलनं तिला गेटाबाहेर थांबायला सांगितलं होतं. महामाया गेटाबाहेर थांबलीही, पाचेक मिनिटं. मग पाणी प्यायला आत आली. पाण्याची टाकी प्रयोगशाळेच्या खिडकीला लागून होती, यात तिचा काय दोष?

आत डॉ. शेषराव पंख्याखाली बसले होते. पंखा नावापुरता. सकाळपासून त्यांनी इतक्या पोरांच्या तोंडून इतकं पाठांतर ऐकलं होतं की चेहरा उकडलेल्या बटाट्यासारखा झाला होता.

"कोणता भाग वाचला?" त्यांनी पायलला विचारलं.

"आवर्ती-संकोचन-अस्थैर्य, सर."

"काय?"

"आवर्ती-संकोचन-अस्थैर्य."

शेषरावांनी भुवया आकसल्या. टेबलावरचं पुस्तक उचललं, मागची शब्दसूची उघडली, बोटानं खाली खाली गेले, आणि शब्द सापडल्यावर "अच्छा, हे होय," असं पुटपुटले. स्वतःच मंजूर केलेला शब्द एखाद्या लग्नात भेटलेल्या लांबच्या पाहुण्यासारखा त्यांनी आता ओळखला.

"सांगा."

पायलनं व्याख्या म्हटली. एक काना इकडे नाही की तिकडे नाही. खिडकीबाहेर महामायेचे ओठ तिच्याबरोबर हलत होते.

"बरं. म्हणजे काय?"

पायलनं तीच व्याख्या पुन्हा म्हटली.

"व्याख्या झाली. प्रत्यक्षात काय घडते, ते सांगा. धार बारीक झाल्यावर परत जाड का होत नाही?"

पायलनं व्याख्या तिसऱ्यांदा सुरू केली. पंखा किरकिरत होता. शेषरावांनी पेन उचललं आणि कागदाकडे नेलं, आणि त्या पेनाच्या टोकावर महामायेला आपल्या पोरीचं वर्ष लटकलेलं दिसलं. एवढी वर्षं याच तालुक्यांत परीक्षांना कॉपी रोखायला महामाया पर्यवेक्षक म्हणून गेलेली. खिडकीला लोंबकळून चिठ्ठ्या फेकणाऱ्या काकांना, मामांना आणि एका सरपंचाला तिनं हाकललेलं. आणि आता तीच महामाया टाकीच्या कट्ट्यावर चढली, गजांना टेकून उभी राहिली, आणि दोन्ही हातांनी गळ्याभोवती माळ दाखवायला लागली. मग एक मूठ आवळली, सोडली, आवळली, सोडली. गाठी, गाठी, अगं गाठी.

पायलला वाटलं, आईला चक्कर येतेय.

शेषरावांनी पायलची नजर कुठं गेली ते पाहिलं आणि मान वळवली.

"इंगळे मॅडम?"

महामाया गजाला धरून तशीच राहिली. "सर, पाणी प्याले आली होती."

"पाणी खाली आहे."

"हाव सर."

"आपण कॉपी पुरवीत आहात काय?"

"नाई सर. हातवारे करून राह्यली होती. शब्द त सगळे तुमचेच हायेत."

दाराशी रांगेत उभी पोरं हसली. पायलचा चेहरा लाल झाला, मग पांढरा. शेषराव पेन कागदावर ठेवून म्हणाले, "मग आता या विद्यार्थिनीचं काय करायचं, ते तुम्हीच सांगा."

"तिले काही विचारू नका सर," पायल एकदम बोलली. आवाजात भीतीपेक्षा राग जास्त होता. "आई, तू खाली उतर. सर, मले विचारा. तिच्याकडे पाहू नका, मी बी नाई पाहत."

आणि तिनं आपली वेणी पुढं ओढली.

आजकालच्या पोरी केसांचा एकच शेपटा घालून त्याला थोड्या थोड्या अंतरावर रबरं लावतात, मधले केस फुगे काढून ठेवतात, तशी ती वेणी. महामाया सकाळी त्या वेणीवरून बोलली होती, पण ते ती रोजच काही ना काही बोलते.

"हे पाहा सर. शेपटा म्हणजे धार. रबर म्हणजे विजेनं घातलेला चुंबकाचा विळखा. जिथं केस जाड हायेत तिथं विळखा सैल पडते. जिथं बारीक झाले तिथं तो आणखी कसते. कसलं की आणखी बारीक. म्हणजे हे रबर असं हाय का, बारीक पाहिलं की जास्तच आवळाचं. म्हणून धार आपोआप परत जाड होत नाई. मधातले केस दाबले जाऊन बाजूले सरकतात, तिथं फुगे होतात. असंच चाललं त धार तिथून तुटूनच जाते."

शेषराव वेणीकडे बघत राहिले. मग स्वतःशीच बोलल्यासारखं म्हणाले, "आन् हे तुटू नाई म्हणून काय करतीन?"

प्रश्न साखरखेर्ड्यातून आला होता. या खेपेला कोट कोणी सारखा केला नाही.

पायलनं विचार केला. "केसाच्या आतून लांबीनं काही ताठ घालाव लागीन सर. तार घातल्यावानी. म्हणजे धारेच्या आतच आडवं-उभं नाई, लांबीनं दुसरं चुंबकक्षेत्र. मग ते दबाले विरोध करीन."

हे पुस्तकात पुढच्या पानावर होतं, पण त्या पानावर ते काय आहे हे कोणालाच ओळखू आलं नव्हतं.

"जा," शेषराव म्हणाले आणि त्यांनी कागदावर आकडा घातला. "पास झाली तू. चांगली पास झाली." मग खिडकीकडे न बघता मोठ्यानं म्हणाले, "आणि बाहेरील व्यक्तींनी जलकुंभावरून त्वरित खाली उतरावे."

महामाया उतरली. गेटापर्यंत जाताना तिचे पाय जमिनीवर नव्हते. पोरगी पास झाली होती. पायल बाहेर आली तशी ती पुढं धावली. "पायल! किती दिले? मले आकडा दिसला नाई तिथून. वेणीचं तुले कोणी सांगतलं? मी त गाठी दाखवत होती, पण वेणी बी..."

पायल चालत राहिली. स्टँडवर येईपर्यंत तिनं वेग कमी केला नाही. लोणारची बस लागली होती.

"बोल न व," महामाया म्हणाली. "पास झाली न?"

"झाली."

"मग?"

"पूर्ण कॉलेजनं पाह्यलं, आई. टाकीवर. गळ्याले हात लावून." पायलनं पिशवी खांद्यावर घेतली. "मी या बसनं जातो. तू मागच्या बसनं ये."

"अवं पण दोन्ही लोणारलेच जातात."

"हाव. म्हणूनच."

पायल चढली. कंडक्टरनं दार ओढलं, बस निघाली. खिडकीतली ती वेणी एकदाही मागं वळली नाही.

महामाया स्टँडवर उभी राहिली. पोरगी नापास झाली असती तर दोघी शेजारी बसून, एका रुमालात रडत गेल्या असत्या. पास झाली, म्हणून तिला आता एकटीनं पुढची बस धरायची होती. आणि आकडा तर अजून कळलाच नव्हता. तिनं फोन काढला, रवीला लावला, आणि तो हॅलो म्हणायच्या आत म्हणाली, "घरी आली की तिले आधी जेवू घाला. मंग हळूच विचारा, पन्नासपैकी किती."